आवडनिवड जिभेची की मेंदूची? मेंदूची उत्क्रांती आणि आपले जेवण यांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

खाण्यापिण्याचा विषय निघाला की बहुतेक जण स्वतःलाच दोष देऊ लागतात. जिभेवर ताबा नाही, मनाचा निर्धार कच्चा आहे, असे म्हणतात. मूल भाजी खात नसेल तर ते लाडावले आहे असे ठरवून मोकळे होतात. या आवडीनिवडींमागे लाखो वर्षांची कथा आहे आणि ती नीट समजली की दोष देण्याचा हा सूर पुष्कळ निवळतो, असा माझा अनुभव आहे. ओळखीच्या घरांत आणि पालकांच्या बैठकींत मला जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले जातात, ते येथे एकत्र केले आहेत.

गोड पदार्थ समोर आला की हात का आवरत नाही?

फळ पिकते तेव्हा त्यातल्या पिष्टाची साखर होते, आंबटपणा आणि तुरटपणा उतरतो, रंग बदलतो आणि वास सुटतो. आपले माकडवर्गीय पूर्वज कोट्यवधी वर्षे झाडांवर राहून अशाच फळांवर जगले. पिकलेले फळ ज्याला चटकन ओळखता आले आणि जे मिळताच ज्याने पोटभर खाऊन घेतले, तो टिकला. गोडाची ओढ ही त्याची देणगी आहे आणि ती शिकवावी लागत नाही. नुकत्याच जन्मलेल्या बाळाच्या जिभेवर साखरेच्या पाण्याचा थेंब ठेवला तर त्याचा चेहरा सैलावतो व ते ओठ चोखू लागते, तर कडू थेंबाला तोंड वेडेवाकडे करते. जेकब स्टायनर या संशोधकाने १९७०च्या दशकात बाळांच्या या प्रतिक्रियांची पद्धतशीर नोंद केली. आपल्याकडे उष्टावणात बाळाला पहिला घास खिरीचा देतात, त्या प्रथेत हीच जाण असावी असे मला वाटते. माझ्या भाचीच्या उष्टावणात चांदीच्या चमच्यातली खीर ओठांना लागताच तिने आधी डोळे विस्फारले, क्षणभर थांबून जीभ फिरवली आणि मग चमचाच दोन्ही हातांनी धरून ठेवला.

टांझानियातील हाड्झा लोक आजही मोठ्या प्रमाणात शिकार आणि रानातील कंद-फळे यांवर जगतात. त्यांना आवडत्या अन्नाचा क्रम विचारला, तेव्हा पहिला क्रमांक मधाचा आणि शेवटचा कंदांचा आला. मात्र मध मिळवायचा तर झाडावर चढायचे, धूर करायचा, माश्यांचे दंश सोसायचे. गोडाची ओढ ज्या जगात घडली तेथे गोड इतके महाग होते. साखरेच्या डब्याला झाकणापलीकडे पहारा नसतो, आणि मेंदूला हा बदल कळण्याइतका काळ अजून लोटलेला नाही.

मेंदूला एवढी ऊर्जा का लागते, आणि ती आपल्या पूर्वजांनी कोठून मिळवली?

या पानावरचा हा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे, म्हणून उत्तरही थोडे लांबेल.

प्रौढ माणसाचा मेंदू सुमारे १३०० ते १४०० ग्रॅम वजनाचा, म्हणजे शरीराच्या जेमतेम दोन टक्के असतो. पण विश्रांतीच्या वेळी शरीर जी ऊर्जा खर्च करते, तिच्यातला पाचवा हिस्सा एकटा मेंदू घेतो. त्यात सुमारे ८६ अब्ज चेतापेशी असतात आणि आपण झोपलो तरी त्यांचे काम थांबत नाही. मुलांच्या बाबतीत हा हिशेब आणखी डोळे उघडणारा आहे. २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार साधारण पाचव्या वर्षी मुलाचा मेंदू दिवसभराच्या एकूण ऊर्जेतील चाळीस टक्क्यांहून अधिक वाटा घेतो, आणि नेमक्या त्याच वयात शरीराची वाढ मंदावते. बालवाडीतले मूल भातावर आणि गोडावर तुटून पडते तेव्हा हा आकडा आठवावा.

एवढा खर्चिक अवयव पोसायचा कसा, याचे पहिले उत्तर माकडांत सापडते. पनामातील बारो कोलोराडो बेटावर कॅथरीन मिल्टन यांनी दोन प्रकारच्या माकडांचा अभ्यास केला. हाउलर आणि स्पायडर ही दोन्ही माकडे वजनाने जवळपास सारखी. हाउलर मुख्यतः पाने खाते, स्पायडर मुख्यतः पिकलेली फळे. हाउलरचा मेंदू सुमारे ५० ग्रॅमचा आणि स्पायडरचा सुमारे १०७ ग्रॅमचा. पाने सगळीकडे मिळतात, पण ती पचवायला लांब आतडे आणि भरपूर वेळ लागतो. आपल्याकडचे काळ्या तोंडाचे वानरही पाने पचवता यावीत म्हणून अनेक कप्प्यांचे जठर बाळगते. फळे विखुरलेली असतात, कोणते झाड कधी पिकते हे लक्षात ठेवावे लागते, मात्र त्यांतून ऊर्जा लवकर मिळते. २०१७ साली १४०हून अधिक प्राइमेट, म्हणजे माकड-वानरांच्या गटातील, जातींची तुलना झाली, तेव्हा फळे खाणाऱ्यांचे मेंदू पाने खाणाऱ्यांपेक्षा सुमारे २५ टक्क्यांनी मोठे आढळले.

पुढचा टप्पा माणसाच्या स्वतःच्या कुळाचा आहे. ऑस्ट्रेलोपिथेकस या दोन पायांवर चालणाऱ्या प्राचीन पूर्वजाचा मेंदू ४०० ते ५०० घनसेंटिमीटरचा, म्हणजे चिंपांझीपेक्षा फारसा मोठा नव्हता. त्यानंतरच्या होमो इरेक्टस या मानवजातीत तो ६०० ते ११०० पर्यंत गेला आणि आपल्यात सरासरी १३५०च्या आसपास आला. १९९५ साली लेस्ली आयेलो आणि पीटर व्हीलर यांनी असे मांडले की मेंदू वाढला तेव्हा आतडे आखूड झाले आणि वाचलेली ऊर्जा मेंदूला मिळाली. कल्पना मोहक आहे. परंतु २०११ साली शंभर सस्तन प्राण्यांची मोजमापे तपासली असता मोठा मेंदू आणि लहान आतडे यांची तशी सरसकट जोडी आढळली नाही. २०१६ साली आणखी एक गोष्ट दिसली. शरीराच्या आकाराचा फरक वजा केला तरी माणूस चिंपांझीपेक्षा दिवसाला सुमारे ४०० किलोकॅलरी अधिक खर्च करतो. म्हणजे आपल्या पूर्वजांनी केवळ काटकसर केली नाही, तर मिळकतही वाढवली.

मिळकत वाढवण्यात चुलीचा मोठा हात असावा, हे मानववंशशास्त्रज्ञ रिचर्ड रँगहम यांचे म्हणणे मला पटते. चिंपांझीचे दिवसाचे सुमारे सहा तास नुसते चावण्यात जातात. शिजवलेला कंद मऊ होतो, त्यातले पिष्ट फुगून उलगडते आणि पचनाचे निम्मे काम भांड्यातच होते. दक्षिण आफ्रिकेतील वंडरवर्क गुहेत सुमारे दहा लाख वर्षांपूर्वीच्या अग्नीच्या खुणा मिळाल्या आहेत. मेंदूची वाढ मात्र त्याच्याही आधी सुरू झालेली दिसते, त्यामुळे सगळे श्रेय चुलीला देता येत नाही. चिंपांझींसमोर कच्चे व शिजवलेले अन्न ठेवले तर तेही शिजवलेले उचलतात, हे प्रयोगांत दिसले आहे. तव्यावर भाकरी फुगली की जो वास घरभर पसरतो, त्याची ओढ चुलीहून जुनी असणार.

म्हणजे मांस खाल्ल्यामुळेच माणूस बुद्धिमान झाला का? मग शाकाहारी लोकांचे काय?

मांसाचा वाटा होता, यात शंका नाही. इथिओपियात सुमारे २५ लाख वर्षांपूर्वीच्या प्राण्यांच्या हाडांवर दगडी हत्यारांच्या खुणा आहेत आणि हाडे फोडून मज्जा काढल्याचेही दिसते. पण कंदमुळांचा वाटाही तितकाच गंभीरपणे घ्यायला हवा. दक्षिण आफ्रिकेतील बॉर्डर गुहेत सुमारे १ लाख ७० हजार वर्षांपूर्वी भाजलेले, पिष्टाने भरलेले कंद सापडले आहेत. लाळेतून पिष्ट पचवणारे अमायलेझ बनवणाऱ्या जनुकाच्या प्रती चिंपांझीत दोनच असतात, माणसात मात्र त्या अनेक असू शकतात.

एकाच अन्नाला सगळे श्रेय देणारी कथा ऐकली की सावध व्हावे, असे मी आवर्जून सांगतो. आजच्या शाकाहाराचा बुद्धीशी काही संबंध यावरून लावता येत नाही, कारण उत्क्रांतीचा प्रश्न लाखो वर्षांपूर्वी ऊर्जा कोठून आली हा आहे, आणि आज ती धान्य, डाळी, तेलबिया, दूध यांतून भरपूर मिळते. शाकाहारी व्यक्तीने ब१२ जीवनसत्त्वाकडे लक्ष द्यावे, एवढी एक गोष्ट मात्र खरोखर महत्त्वाची आहे.

मांजराला गोड चव कळत नाही, हे खरे आहे का?

होय. गोड चव ओळखणारे प्रथिन दोन भागांचे असते आणि मांजराच्या कुळात त्यातल्या एका भागाचे जनुक मोडलेले आहे. हे २००५ साली दाखवले गेले. केवळ मांसावर जगणाऱ्या प्राण्याला त्या चवीचा उपयोग नव्हता, म्हणून ती गेली तरी काही बिघडले नाही. बांबूवर जगणाऱ्या पांडाचे मांसरसाची चव, म्हणजे उमामी, ओळखणारे जनुक असेच निकामी झाले आहे.

मुलांना कारले, मेथी यांसारख्या भाज्या का आवडत नाहीत?

वनस्पती पळून जाऊ शकत नाहीत, म्हणून पाने-फळे खाणाऱ्यांपासून बचाव करण्यासाठी त्या रसायने बनवतात आणि त्यांतली पुष्कळशी कडू असतात. गोडासाठी आपल्याकडे एकच रिसेप्टर, म्हणजे चव ओळखणारे प्रथिन, आहे, तर कडूसाठी सुमारे २५ प्रकारचे आहेत. विष अनेक प्रकारचे असू शकते आणि त्यातले एकही नजरेतून सुटून चालत नाही, हे त्यामागचे कारण.

ही भीती अनाठायी नाही. दुधी भोपळा चिरताना त्याची एक चकती चाखून पाहावी, कडू लागली तर दुधी टाकून द्यावा, असे घरातली मोठी माणसे सांगतात. कडू दुधीत कुकुरबिटासिन नावाची द्रव्ये वाढलेली असतात आणि अशा दुधीचा रस प्यायल्याने आपल्या देशात गंभीर विषबाधा आणि मृत्यूही झाले आहेत. आरोग्यासाठी म्हणून तो कडू रस नेटाने पिणाऱ्यांनी जिभेचा इशारा मोडीत काढला, याचे मला फार वाईट वाटते.

साधारण दोन ते सहा वर्षांच्या दरम्यान मुले नवे अन्न नाकारू लागतात. हे वय म्हणजे मूल स्वतःच्या पायांनी फिरू लागते आणि हाताला लागेल ते तोंडात घालू शकते ते वय. त्या काळात अनोळखी पानांविषयी संशय असणे रानात जीव वाचवणारे होते. त्यात पुन्हा माणसामाणसांत फरक असतो. १९३१ साली आर्थर फॉक्स या रसायनशास्त्रज्ञाच्या प्रयोगशाळेत पीटीसी नावाच्या पदार्थाची भुकटी उडाली. शेजारच्या सहकाऱ्याला ती कडू लागली, स्वतः फॉक्सला मात्र काहीच चव कळली नाही. हा फरक जनुकाचा आहे, हे पुढे सिद्ध झाले. म्हणून एकाच ताटातली कोबीची किंवा मुळ्याची भाजी भावाला गोडसर आणि बहिणीला कडवट लागू शकते, आणि दोघेही खरेच सांगत असतात.

मग मुलाला अशा भाज्यांची गोडी लावायची कशी?

जबरदस्तीने लागत नाही, ओळखीने लागते. नवा पदार्थ अगदी थोडा, दडपण न आणता, आठ ते दहा वेळा समोर आला की बरीच मुले तो स्वीकारू लागतात. काहींना पंधरा वेळाही लागतात. बहुतेक घरांत तिसऱ्या-चौथ्या नकारानंतर त्या भाजीचे नाव सोडून दिले जाते, आणि तेथेच सगळे बिनसते.

ही ओळख जन्माआधीच सुरू होते. २००१ साली ज्युली मेनेला आणि सहकाऱ्यांनी दाखवले की गरोदरपणाच्या शेवटच्या तिमाहीत किंवा अंगावर पाजताना ज्या आयांनी गाजराचा रस नियमित घेतला, त्यांच्या बाळांनी पुढे गाजराच्या चवीच्या पेजेला तोंड कमी वाकडे केले. आईच्या जेवणाचे वास गर्भजलात आणि दुधात उतरतात, आणि आपल्या घरचे लोक काय खातात याची खबर बाळाला तेथूनच मिळू लागते.

स्वयंपाकघरातली जुनी युक्तीही शास्त्राला धरून आहे. आमच्या घरी कारल्याच्या काचऱ्या करताना चकत्यांना मीठ चोळून ताट कलते ठेवत. अर्ध्या तासाने खालच्या कडेला हिरवट पाणी जमे, मग मुठीत घट्ट पिळून चकत्या तेलावर कुरकुरीत होईपर्यंत परतत आणि शेवटी चिंच-गूळ घालत. पाण्याबरोबर कडवटपणा जातो, हे दिसतेच. शिवाय मिठातले सोडियम कडू चवीची जाणीवच दाबते, हे १९९७ साली प्रयोगांनी स्पष्ट झाले. गुढीपाडव्याला कडुनिंबाच्या पानांबरोबर गूळ, मीठ, जिरे वाटतात, तेथेही हाच मेळ आहे. आणि मुलाने ते तोंडात घालावे म्हणून मोठी माणसे त्याच्यासमोर स्वतः खातात, ही गोष्ट गुळाहून अधिक कामाची आहे.

तिखट ही चव आहे का? आपल्याला मिरची इतकी का आवडते?

तिखट ही जिभेची चव नाही. मिरचीतले कॅप्सेसिन ज्या रिसेप्टरला चिकटते, तो मुळात सुमारे ४३ अंश सेल्सिअसच्या वरची पोळणारी उष्णता ओळखण्यासाठी असतो. डेव्हिड ज्युलियस यांच्या प्रयोगशाळेने १९९७ साली तो शोधला आणि २०२१च्या नोबेल पारितोषिकात त्या कामाचा वाटा होता. तोंड भाजले असे आपण म्हणतो, ते मेंदूच्या लेखी शब्दशः खरे असते. पक्ष्यांच्या रिसेप्टरवर कॅप्सेसिनचा परिणाम होत नाही, म्हणून पोपट हिरवी मिरची निवांत खातो. पुष्कळ पक्षी बिया न चावता दूरवर टाकतात, त्यामुळे मिरचीच्या झाडाचाही त्यात लाभ आहे.

मिरची मूळची अमेरिका खंडातली. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या व्यापारातून ती गोव्याच्या बाजूने आपल्याकडे आली. त्याआधी आपले तिखट म्हणजे मिरी, पिंपळी, आले. म्हणजे ठेचा-भाकरी हे जे आपल्याला अस्सल मातीतले वाटते, त्यातली मिरची पाचशे वर्षांहून जुनी नाही. पाचशे वर्षांत जनुके बदलून अख्ख्या समाजाला मिरची आवडू लागली, असे होत नाही. प्रत्येक पिढीतले मूल मिरचीला रडतच भेटते, आणि घरातल्यांना हौसेने खाताना पाहून, थोडे थोडे चाखत, वेदनेतून इजा होत नाही हे शिकते. जन्मतः नावडणारी गोष्ट शिकून आवडीची करून घेणे, हे मानवी मेंदूचे खास सामर्थ्य आहे.

एखादा पदार्थ एकदा बाधला की तो कायमचा का नकोसा होतो?

जॉन गार्सिया यांनी १९५५ साली उंदरांना गोड पाणी पाजून मग किरणोत्सर्गाने त्यांना मळमळ होईल असे केले. एकाच अनुभवानंतर उंदरांनी ते गोड पाणी टाळले. पुढच्या प्रयोगांत चव आणि मळमळ यांत तासांचे अंतर असले तरी मेंदूने दोन्हींची सांगड घातली. विष बाधायला वेळ लागतो, म्हणून ही सोय. त्यामुळे लग्नात जेवल्यानंतर वाटेत गाडी लागून उलटी झालेल्या माणसाला वर्षानुवर्षे बासुंदी नको वाटते. गाडी लागली हे त्याला माहीत असते, पण मेंदूचा हा भाग त्याचे ऐकत नाही.

पोट तुडुंब भरल्यावरही गोडासाठी जागा कशी होते?

एखाद्या चवीचे जेवण खात गेले की त्या चवीची गोडी त्या वेळेपुरती कमी होते, दुसऱ्या चवीची मात्र होत नाही. बार्बरा रोल्स आणि सहकाऱ्यांनी १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला याचा बारकाईने अभ्यास केला. सर्वभक्षी प्राण्याने एकाच पदार्थावर थांबू नये, नाना तऱ्हेची पोषकद्रव्ये मिळवावीत, असा त्याचा उपयोग आहे.

लग्नाच्या पंगतीत हे उघड्या डोळ्यांनी पाहता येते. मसालेभात नको म्हणून पानावर आडवा हात धरणारा माणूस जिलबी आली की हात काढून घेतो. चार जिलब्यांनंतर तोही थकतो. मग मठ्ठ्याचा एक घोट घेतो, खारट-आंबट चवीने तोंड मोकळे होते, आणि वाढप्याच्या आग्रहाला आणखी दोन जिलब्यांची जागा सापडते. आपल्या ताटाची मांडणीच मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर, भाजी, आमटी अशी चवी बदलत राहण्याची आहे. रोजच्या साध्या जेवणात ती फार उत्तम आहे, कारण थोडक्या अन्नात ती रुची आणते. पदार्थ तळलेले आणि गोड झाले की तीच मांडणी आपल्याला गरजेपेक्षा अधिक खायला लावते.

याची दुसरी बाजू दुष्काळात दिसते. १९८५ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात इथिओपियातील निर्वासित छावणीत सहा महिने तेच तेच अन्न खाणाऱ्यांना ते नव्याने आलेल्यांपेक्षा कमी रुचकर लागत असल्याचे आढळले. उपासमारीतही एकसुरीपणा मेंदूला जाणवतो. आपल्याकडे १९७२चा दुष्काळ पाहिलेली माणसे तेव्हा रोज खावी लागलेल्या मिलो या लाल ज्वारीचे नाव काढताच आजही तोंड फिरवतात. तो माज नसतो, हे त्यांच्या नातवंडांनी समजून घ्यावे.

एखादी गोष्ट फारशी आवडत नसतानाही खात का राहावेसे वाटते?

आवडणे आणि हवेसे वाटणे या मेंदूत दोन वेगळ्या गोष्टी आहेत. केंट बेरिज यांच्या प्रयोगांत ज्या उंदरांच्या मेंदूतले डोपामिन नावाचे रसायन जवळजवळ संपवले होते, ते समोरचे अन्न खायला जाईनात. पण तोंडात गोड थेंब टाकला की आवडल्याची खूण म्हणून जीभ चाटत. डोपामिन मुख्यतः ओढ निर्माण करते, आनंद नव्हे. फरसाणाच्या पुड्यातली शेवटची मूठ पहिलीइतकी चवदार कधीच नसते, तरी हात तिकडे जातो, तो याच कारणाने.

पाकीटबंद पदार्थांनी नेमके काय बदलते?

निसर्गात स्निग्धांश आणि पिष्ट किंवा साखर एकाच पदार्थात भरपूर असणे विरळ आहे. आईचे दूध हा मोठा अपवाद. फळात साखर असते पण तूप नसते, मांसात चरबी असते पण पिष्ट नसते. २०१८ सालच्या एका प्रयोगात दोन्ही एकत्र असलेल्या खाऊला मेंदूच्या बक्षीस-व्यवस्थेने दिलेला प्रतिसाद, तितक्याच कॅलरींच्या फक्त गोड किंवा फक्त तुपकट खाऊपेक्षा अधिक होता. बिस्किटे, वेफर्स, केक हे नेमके या जोडीवर उभे आहेत. शंकरपाळीही आहे, पण ती दिवाळीला होत असे.

अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेत केव्हिन हॉल यांनी २०१९ साली वीस प्रौढांना दोन आठवडे अतिप्रक्रियायुक्त आणि दोन आठवडे साधे अन्न दिले. समोर ठेवलेल्या जेवणातील ऊर्जा, साखर, स्निग्धांश, मीठ आणि तंतू यांचे प्रमाण सारखे होते आणि हवे तेवढे खाण्याची मुभा होती. पहिल्या प्रकारात लोकांनी रोज सुमारे ५०० किलोकॅलरी अधिक खाल्ल्या आणि त्यांचे वजन जवळपास एक किलोने वाढले. ही तीच माणसे होती. त्यांचा निर्धार दोन आठवड्यांत बदलला नव्हता, ताट बदलले होते.

खाण्याची हाव "सरीसृप मेंदू"तून येते, असे वाचले. ते बरोबर आहे का?

नाही. मेंदूचे सरीसृप, सस्तन आणि मानवी असे तीन थर एकावर एक चढले, ही पॉल मॅक्लीन यांची १९६०च्या दशकातली मांडणी आज मेंदूशास्त्र मानत नाही. भूक, चव, आठवण आणि विचार यांचे मार्ग एकमेकांत गुंतलेले आहेत. आपल्या आत एक सरडा आहे आणि त्याला काबूत ठेवायचे आहे, ही कल्पना लोकांना अकारण स्वतःशी लढायला लावते.

वजन कमी केले की भूक आणखी का वाढते?

चरबीच्या पेशी लेप्टिन नावाचे संप्रेरक सोडतात. जेफ्री फ्रीडमन यांच्या गटाने त्याचे जनुक १९९४ साली शोधले. चरबी घटली की लेप्टिन घटते आणि मेंदूतील हायपोथॅलॅमस त्याचा अर्थ दुष्काळ असा लावतो. भूक वाढवणारे घ्रेलिन वाढते, शरीर ऊर्जा जपून वापरू लागते. वजन उतरल्यानंतर वर्षभरानेही हे बदल टिकून असल्याचे आढळले आहे. म्हणून वजन परत वाढलेल्या माणसाला टोमणे मारणे मला अतिशय अन्यायाचे वाटते.

भारतीयांना मधुमेह अधिक होतो, तो उत्क्रांतीमुळेच का?

१९६२ साली जेम्स नील यांनी "काटकसरी जनुका"ची कल्पना मांडली : दुष्काळात चरबी साठवणारी जनुके टिकली आणि सुबत्तेत तीच बाधली. तिला पुरेसा जनुकीय आधार मिळालेला नाही. पुण्यातील संशोधन याहून अधिक सांगून जाते. केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि सहकाऱ्यांनी १९९३पासून पुण्याजवळच्या सहा गावांतील गरोदर स्त्रिया आणि त्यांची मुले यांचा अभ्यास सुरू केला. तेथील बाळांचे जन्माचे सरासरी वजन २.७ किलो, तर इंग्लंडमधील साउदॅम्प्टनच्या बाळांचे ३.५ किलो होते. पण पुण्याच्या बाळांत स्नायू कमी असूनही त्वचेखालची चरबी त्या मानाने फारशी कमी नव्हती. दिसायला बारीक, आतून चरबीयुक्त, अशी ही ठेवण. २००४ साली डॉ. याज्ञिक यांनी ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन यांच्याबरोबर स्वतःचेच उदाहरण छापले. दोघांचा शरीरभार निर्देशांक (उंचीच्या मानाने वजन सांगणारा आकडा, बीएमआय) २२.३ असा एकच, मात्र चरबी युडकिन यांच्यात ९.१ टक्के आणि याज्ञिक यांच्यात २१.२ टक्के.

यात आईचे पोषण, गर्भातली वाढ आणि पुढचे आयुष्य यांचा हात मोठा आहे. गर्भात कमतरता असली की वाढता मेंदू जपला जातो आणि बाकीच्या अवयवांच्या वाट्याला कमी येते, हे येथे विसरू नये. म्हणून मधुमेहाविरुद्धची तयारी मुलीच्या ताटापासून सुरू होते, आणि सगळ्यांचे उरकल्यावर उरलेसुरले खाणाऱ्या सुनेच्या ताटापासूनही.

मग अश्मयुगातला आहारच घ्यावा का?

असा एक ठरावीक आहार कधीच नव्हता. समुद्रकाठी शिंपले, गवताळ रानात कंद आणि शिकार, थंड प्रदेशात चरबी, असे जागेनुसार सगळे वेगळे होते. शिवाय उत्क्रांती तेथे थांबलेली नाही. मोठेपणी दूध पचवण्याची क्षमता गेल्या सुमारे दहा हजार वर्षांत, गुराखी समाजांत पसरली. भारतात ती वायव्येकडे अधिक आणि दक्षिणेकडे-पूर्वेकडे कमी आढळते. ज्यांना दूध सोसत नाही त्यांना दही-ताक बहुधा सोसते, कारण विरजणातील जिवाणू दुधातली शर्करा काही प्रमाणात आधीच फोडतात.

सवय मोठेपणी बदलता येते का, आणि किती दिवसांत?

मिठाच्या बाबतीत उत्तर स्पष्ट आहे. रोजचे मीठ कमी केले तर पहिले काही आठवडे सगळे अळणी लागते. १९८२ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात काही महिने कमी मिठाचे जेवण घेणाऱ्यांना पुढे कमी मिठाचेच पदार्थ अधिक रुचू लागले. साधारण दोन ते तीन महिने धरावेत. साखरेबाबत पुरावा इतका एकमुखी नाही, गोडाची आवड अधिक हट्टी आहे. चहातली साखर कमी करणारे अनेक जण पुढे जुना चहा फार गोड लागतो म्हणतात, पण तेच लोक श्रीखंड पूर्वीइतक्याच आवडीने खातात.

घरात एकट्याच्या वाटीत मीठ कमी घातले तर तो शेजारच्या वाटीतली आमटी चाखतो आणि दोन महिन्यांची सवय मोडते. म्हणून सगळ्यांच्या आमटीतले मीठ एकदमच, आठवड्याला चिमूटभर या बेताने उतरवावे आणि पानात वाढायचे मीठ बंद करून त्या जागी लिंबाची फोड ठेवावी.